'कुणासाठी हवंय?' असं विचारणाऱ्या ग्रंथपाल मॅडमना

ग्रंथपाल मॅडम,

सप्रेम नमस्कार.

हे सगळं तोंडी सांगता आलं असतं. पण काउंटरवर तुम्ही "अहो, ते आमचं कामच आहे" म्हणून पुढच्या माणसाकडे वळला असता. शिवाय ते काम नेमकं काय असतं हे इतरांनाही कळावं असं मला फार वाटतं, म्हणून चारचौघांत लिहिते आहे. नाव घालत नाही, तुम्हाला ते आवडायचं नाही.

मी काचबिंदूवरचं एखादं सोपं पुस्तक मागितलं होतं. कपाटाकडे बोट दाखवून तुम्ही मोकळ्या झाला असता, तरी माझी काहीच तक्रार नसती. तुम्ही विचारलंत, "कुणासाठी हवंय?" वडिलांसाठी, म्हटलं. "ते स्वतः वाचतील, की तुम्ही वाचून त्यांना सांगणार?" आणि माझ्या तोंडून निघून गेलं की बाबांनी वाचणंच सोडलंय. पेपर हातात घेतात, थोड्या वेळाने घडी करून ठेवतात. विचारलं तर म्हणतात, आज काही विशेष नाही. हे मी डॉक्टरांनाही सांगितलं नव्हतं. तिथे डोळ्यातला दाब किती आणि थेंब वेळेवर घालता का, एवढंच बोलणं व्हायचं.

तुम्ही आधी मी मागितलेलंच दिलंत, हे मला विशेष वाटतं. दोन पुस्तकं काढलीत, आतल्या पानावरचं प्रकाशनाचं वर्ष पाहिलंत आणि त्यातलं जुनं बाजूला ठेवलंत. म्हणालात, "डोळ्याची रचना बदलत नाही, उपचार बदलतात." मग संगणकावर मेडलाइनप्लस उघडलंत. अमेरिकेच्या राष्ट्रीय वैद्यकीय ग्रंथालयाचं ते संकेतस्थळ आहे, हे मला तेव्हाच कळलं. त्यातला इंग्रजी मजकूर सोपा करून सांगताना अधूनमधून बजावत होतात, "मी डॉक्टर नाही. औषधाबद्दल मी बोलणार नाही. डॉक्टरांना काय विचारायचं तेवढं आपण काढू." तो प्रश्नांचा कागद अजून बाबांच्या फाइलमध्ये आहे. नजरेचा परीघ किती उरलाय? पुढची तपासणी कधी? उरलेल्या नजरेचा वापर शिकवणारं कुणी आहे का? हा शेवटचा प्रश्न मला सात जन्मांत सुचला नसता.

माझ्या मोबाइलवर तेव्हा एक संदेश फिरत आला होता. काचबिंदूने गेलेली दृष्टी अमुक थेंबांनी परत येते म्हणे. तुम्ही त्याला खोटंही म्हणाला नाहीत. फक्त विचारलंत, हे कोण म्हणतंय, कधी म्हटलंय, आणि यातून त्याला काय मिळणार आहे? मग समोरच्या पुस्तकातला एक परिच्छेद मलाच वाचायला लावलात. काचबिंदूत दृष्टीच्या मज्जातंतूला इजा होते, झालेली इजा भरून येत नाही, दाब आटोक्यात ठेवून उरलेलं टिकवायचं असतं. वाचून झाल्यावर त्या संदेशाचं काय करायचं ते मला कुणी सांगायची गरज राहिली नाही.

हे झालं माझं. बाबांचं काम तुम्ही नंतर केलंत, ते स्वतः आले तेव्हा. यायला तयार नव्हतेच. "वाचता येत नाही त्या माणसाने लायब्ररीत जाऊन काय करायचं?" तुम्ही त्यांना चाचणी घेतल्यासारखं काही विचारलं नाहीत. शेवटचं कोणतं पुस्तक अर्धं राहिलंय, एवढंच विचारलंत. ते त्यांनी ताबडतोब सांगितलं, आणि मला ते ठाऊकही नव्हतं.

मग ड्रॉवरमधून तुम्ही तो काळा जाड कागद काढलात. मधोमध एका ओळीएवढी लांबट खिडकी कापलेली. पानावर ठेवला की आजूबाजूचा पांढरा झगझगाट झाकला जातो आणि डोळ्यांसमोर एकच ओळ राहते. बाबांची खरी अडचण अक्षराच्या आकाराची नव्हतीच, एक ओळ संपली की पुढची सापडत नव्हती. हे आम्हा घरच्यांच्या ध्यानात आलं नव्हतं, आम्ही भिंगं आणत सुटलो होतो. टेबलावरचा दिवा तुम्ही त्यांच्या खांद्यामागून पानावर येईल असा वळवलात. बाबा कागद खाली सरकवत, पुटपुटत, अर्धं पान वाचत गेले. मधेच थांबून म्हणाले, "मुद्रणाची चूक आहे इथे." मॅडम, ते वाक्य ऐकून मला काय वाटलं ते मी लिहीत बसत नाही.

त्या कागदाने जाडजूड पुस्तक पार पडणार नाही, हेही तुम्ही सांगितलंत. मग डेझी पद्धतीची बोलकी पुस्तकं दाखवलीत. त्यांत प्रकरण, पान असं पुढेमागे जाता येतं, साध्या ध्वनिफितीसारखं चाचपडत बसावं लागत नाही. मी मोठ्या उत्साहाने फोनमध्ये उतरवून आणलेली पीडीएफ मात्र फोन वाचून दाखवेना. ती निव्वळ पानांचे फोटो होती. फोटोतली अक्षरं ओळखून घेणाऱ्या सोयीतून (ओसीआर) गेल्याशिवाय यंत्राला त्यात मजकूर दिसतच नाही, हे तुम्ही करून दाखवलंत. हे तुम्हाला कुठे शिकवलं? ग्रंथालयशास्त्राच्या वर्गात की रात्री घरी बसून? मला दुसऱ्याचीच शंका आहे.

बोलक्या पुस्तकांमागे एक करार आहे, हेही तुमच्याकडूनच कळलं. 2013 साली मोरोक्कोतल्या मराकेशला झाला, 2016 पासून अंमलात आला. छापील मजकूर वाचता न येणाऱ्यांसाठी पुस्तकाची वाचता-ऐकता येईल अशी प्रत अधिकृत संस्थांना करता यावी आणि दुसऱ्या देशातल्या तशाच संस्थेला पाठवता यावी, दर वेळी हक्कधारकाच्या परवानगीसाठी अडून राहावं लागू नये, हा त्याचा गाभा. तो सगळ्यांत आधी, 2014 साली, भारताने मंजूर केला. एवढा मोठा कायदेशीर खटाटोप झाला, पण तो बाबांपर्यंत पोचायला मधे तुम्ही लागलात. तुम्ही नसता तर मराकेश आमच्या लेखी नकाशावरचं एक गाव राहिलं असतं.

ग्रंथपालाचं काम आता पार बदललं, असं सगळे म्हणतात. मी थोडं वाचलं तेव्हा दिसलं की हे अर्धंच खरं आहे. अमेरिकेच्या मेल्विल ड्युई यांनी पुस्तकांच्या वर्गीकरणाची दशांश पद्धत 1876 मध्ये प्रसिद्ध केली. त्याच वर्षी सॅम्युएल ग्रीन नावाच्या अमेरिकन ग्रंथपालाने आपल्या सहकाऱ्यांना सांगितलं होतं की वाचकांत मिसळा, त्यांना काय हवंय ते नीट विचारा, शोधायला मदत करा. आपल्याकडच्या ग्रंथालयशास्त्राचे जनक मानले जाणारे रंगनाथन तर मूळचे गणिताचे प्राध्यापक. त्यांनी 1931 मध्ये ग्रंथालयाचे पाच नियम मांडले. प्रत्येक वाचकाला त्याचं पुस्तक मिळावं हा त्यांतला दुसरा, वाचकाचा वेळ वाचवा हा चौथा. तुमचं ते "कुणासाठी हवंय?" या दोन्हींत बसतं. बदललंय ते विचारायला येणारं माणूस आणि त्याने सोबत आणलेली अडचण.

तुमच्या टेबलापाशी बसून ते मी पाहिलंय. नोकरीचा अर्ज ऑनलाइन भरायला आलेला मुलगा, फोटोचा आकार मोठा म्हणून अडकलेला. तुम्ही माऊस हातात घेतला नाहीत, त्याच्याकडूनच करून घेतलंत, आणि पासवर्डची वेळ आली तेव्हा मान दुसरीकडे वळवलीत. चॅटबॉटने दिलेली पुस्तकांची यादी घेऊन आलेल्या बाई, त्यांतली काही पुस्तकं कुणी लिहिलेलीच नव्हती. तुम्ही प्रकाशक, आयएसबीएन म्हणजे पुस्तकाचा ओळखक्रमांक, ग्रंथालयांच्या याद्या सगळं तपासून ते त्यांना न लाजवता सांगितलंत. नुसतेच बसायला येणारे एक आजोबा. आणि कोण काय वाचतंय, कशासाठी वाचतंय, याची चर्चा तुम्ही कधी कुणाशी केल्याचं मी ऐकलेलं नाही. माणसं तुमच्याशी मोकळं बोलतात ती यामुळेच, असं मला वाटतं.

इथे थोडं तुमच्या वतीने भांडते. कौतुकाच्या नावाखाली तुमच्यावर काहीही लादलं जातं. फिनलंडमधल्या हेलसिंकीच्या ऊडी ग्रंथालयात 2018 पासून शिवणयंत्रं आणि त्रिमितीय मुद्रक आहेत, हे ऐकून कुणीही उठून म्हणतं, आपल्याकडेही आणा. आणावीत की. पण ती शिकवायला माणूस? सॅन फ्रान्सिस्कोच्या सार्वजनिक ग्रंथालयाने 2009 साली बेघर आणि अडचणीतल्या लोकांसाठी चक्क एक समाजकार्यकर्ती नेमली. मला हे यंत्रांपेक्षा शहाणपणाचं वाटतं. ग्रंथपालाने समुपदेशक, संगणक शिक्षक, वकील आणि शिपाई सगळं एकटीने व्हावं, ही अपेक्षा धरणाऱ्यांनी एक दिवस तुमच्या खुर्चीत बसून पाहावं.

आणि ते देवघेवीचे आकडे! वर्षाअखेरी किती पुस्तकं बाहेर गेली, किती परत आली, त्यावरून ग्रंथालय चाललं की नाही हे ठरतं. आमच्या खात्यावर त्या दिवशी एक पुस्तक चढलं. पीडीएफ, दिवा, प्रश्नांचा कागद, यांना रकाना नाही. काळ्या कागदाला तर दाखलअंकही, म्हणजे ग्रंथालयाच्या नोंदवहीतला क्रमांकही, नसेल. ग्रंथालयाच्या खर्चाला कात्री लावायची वेळ येते तेव्हा टेबलावर आकडे असतात आणि ही माणसं नसतात. निर्णय घेणाऱ्यांपैकी कुणी हे वाचत असेल, तर त्यांनी एकदा तरी तुम्हाला विचारावं की आकड्यांत न आलेलं काय काय केलंत.

मॅडम, तुमचे मनापासून आभार. बाबांचं अर्धं राहिलेलं पुस्तक वाचून झालं. थोडं काळ्या कागदाने, बाकीचं कानांनी. शेवट त्यांना अजिबात पटलेला नाही, आणि त्यावर तुमच्याशी वाद घालायला ते या आठवड्यात येणार आहेत. थोडा वेळ काढून ठेवा.

कळावे, लोभ आहेच, तो वाढावा.

तुमच्या एका वाचकाची मुलगी

ता. क. बोलक्या पुस्तकातला माणूस फार घाईत वाचतो, अशी बाबांची तक्रार आहे. वेग कमी कसा करायचा ते मी त्यांना दाखवलं. त्यांचा माझ्यावर विश्वास नाही, तुम्हाला विचारून मगच करणार म्हणतात.