रेषेजवळच्या खुर्चीवरून

सोफिया (बल्गेरिया),
सोमवार, रात्र

तीर्थरूप आई आणि बाबांना,
शिरसाष्टांग नमस्कार.

काल फोनवर माझा घोगरा आवाज ऐकल्याबरोबर आई, तू हळदीच्या दुधावर आणि इथल्या थंडीवर घसरलीस, आणि बाबांना जे सांगायचे होते ते राहूनच गेले. घसा थंडीने बसलेला नाही. शुक्रवारपासून तीन दिवस मी बेंबीच्या देठापासून "आउट!" असे ओरडत होते. बाबा, तुमची मुलगी बाल्कन देशांच्या बॅडमिंटन स्पर्धेत रेषापंच होती.

हे कसे घडले ते सांगते. बुधवारी संध्याकाळी मी ज्या सभागृहात खेळायला जाते, तिथल्या बाईंना रेषापंच कमी पडत होते, आणि फूल आत पडले की बाहेर हे ज्याला डोळ्यांनी दिसते असा कोणीही त्यांना चालणार होता. दोन संध्याकाळी त्यांनी आम्हा सहा-सात जणांना शिकवले. फूल बाहेर पडले तर मोठ्याने ओरडायचे आणि दोन्ही हात आडवे पसरायचे. आत पडले तर तोंडातून अक्षर न काढता उजव्या हाताने रेषेकडे बोट दाखवायचे. आणि मध्ये कोणी आल्यामुळे दिसलेच नसेल, तर दोन्ही तळहातांनी स्वतःचे डोळे झाकायचे. ही तिसरी खूण मला फार आवडली. दिसले नाही हे चारचौघांत, खुर्चीवर बसून, इतक्या सरळपणे कबूल करण्याची सोय आपल्याकडे कुठल्याच कामात नाही.

स्पर्धा सांघिक होती. प्रत्येक लढतीत पुरुष एकेरी, महिला एकेरी, पुरुष दुहेरी, महिला दुहेरी आणि मिश्र दुहेरी असे पाच सामने, आणि तीन जिंकेल त्याची लढत. बल्गेरिया, तुर्कस्तान, सर्बिया, ग्रीस, रुमानिया, उत्तर मॅसेडोनिया असे संघ आले होते. मोठ्या देशांच्या संघांत एकेरीचे खेळाडू वेगळे आणि दुहेरीचे वेगळे असतात. इथल्या लहान संघांत मात्र एकच मुलगी सकाळी एकेरी खेळते, तासाभराने महिला दुहेरीत उभी राहते आणि जेवण अर्धवट टाकून मिश्र दुहेरीला धावते. एका संघाच्या प्रशिक्षकाला तर शेवटच्या लढतीच्या वेळी पायात गोळे आलेल्या मुलाऐवजी स्वतःच रॅकेट घेऊन उतरावे लागते की काय, अशी आम्हाला काळजी लागली होती.

बाबा, तुमच्यासाठी खास गोष्ट म्हणजे इथले फूल. सोफिया समुद्रसपाटीपासून सुमारे साडेपाचशे मीटर उंचीवर आहे, म्हणजे जवळजवळ पुण्याइतकीच. उंचीवर हवा विरळ असल्यामुळे फूल वेगाने आणि लांब जाते, म्हणून इथे डब्यावर वेगाचा कमी आकडा असलेली, हळू उडणारी फुले घेतात. समुद्राकाठच्या गावांत सराव करून आलेल्या ग्रीक मुलांचे पहिल्या सकाळचे टॉस एकामागून एक मागच्या रेषेबाहेर जात होते, आणि मी हात पसरून पसरून दमले. मुंबईचा संघ जिमखान्यावर खेळायला आला की पहिल्या गेममध्ये त्यांचे असेच व्हायचे आणि तुम्ही मिशीत हसायचात, ते मला आठवले. दुसऱ्या गेमपर्यंत त्यांनी हात आवरला, पण तोवर लढत हातची गेली होती.

फुलांची दुसरी अडचण कोरडेपणाची. मार्च लागला असला तरी सभागृहात हीटर चालू होते, आणि त्या कोरड्या हवेत हंसाची पिसे कडक होऊन दोन-चार स्मॅशमध्येच तुटत होती. एका फुलात सोळा पिसे, वजन जेमतेम पाच ग्रॅम, आणि किंमत अशी की लहान संघांचे व्यवस्थापक प्रत्येक तुटलेल्या फुलाकडे घरातला काचेचा पेला फुटल्यासारखे पाहत होते. याविषयी तुम्हाला पत्राच्या शेवटी एक गोष्ट विचारायची आहे.

आता माझ्या फजितीची हकिकत. बल्गेरियन लोक "हो" म्हणताना मान आडवी हलवतात आणि "नाही" म्हणताना वरखाली, हे मला इथे येऊन चार वर्षे झाली तरी अंगवळणी पडलेले नाही. एका सामन्यानंतर इथल्या प्रशिक्षकांनी मला विचारले, "ते शेवटचे फूल खरोखरच बाहेर होते ना?" मी आपल्या पद्धतीने ठामपणे मान डोलावली, आणि त्यांचा चेहरा असा पडला की मी खोटे बोलून त्यांचा गुण घालवल्याची कबुली देते आहे असे त्यांना वाटले असणार. मग तोंडाने तीनदा "दा, दा, दा" म्हणावे लागले. त्यांच्या भाषेत "दा" म्हणजे होय.

दुसरी गोष्ट जास्त गंभीर होती. सर्बिया आणि रुमानिया यांची लढत दोन-दोन अशी बरोबरीत आली आणि शेवटच्या मिश्र दुहेरीत तिसऱ्या गेमला एकोणीस-एकोणीस गुण झाले. सर्बियन मुलाने बाजूच्या रेषेवर ड्रॉप टाकला, रुमानियन मुलगी तो उचलायला झेपावली आणि नेमकी माझ्या व रेषेच्या मध्ये आडवी झाली. सगळे सभागृह माझ्याकडे पाहत होते. क्षणभर वाटले की अंदाजाने हात पसरून मोकळे व्हावे, कारण फूल बाहेर गेले असण्याचीच शक्यता जास्त होती. पण मी डोळ्यांवर तळहात ठेवले. पंचांनाही दिसले नव्हते, म्हणून त्यांनी लेट दिला आणि तो गुण पुन्हा खेळवला. दोन्ही संघ माझ्यावर सारखेच चिडले. त्या संपूर्ण दिवसात त्या दोन बाकांचे एकमत झाले ते तेवढ्या एकाच मुद्द्यावर. पुढे कोण जिंकले ते मुद्दाम लिहीत नाही, कारण बाबा, तुम्ही लगेच त्या लेटचा हिशेब मांडायला बसाल.

प्रेक्षक म्हणाल तर फारसे नव्हतेच. खेळाडूंचे आईवडील, काही भावंडे, शेजारच्या शाळेची मुले, आणि ज्यांचे सामने संपले आहेत असे संघ. पण आरडाओरडा मात्र भरगच्च मैदानासारखा होता, आणि त्यात एक विलक्षण गोष्ट माझ्या लक्षात आली. बल्गेरियन मुले आपल्या खेळाडूला "हायदे!" म्हणून चेतवतात, तुर्की "हायदी!", सर्ब आणि मॅसेडोनियन "आयदे!", रुमानियन "हायदे!" आणि ग्रीक "आइन्दे!". आपल्या "चला, चला!"सारखाच हा शब्द. डोळे मिटून ऐकले तर कोणता बाक कोणाचा ते सांगता येत नाही. कित्येक शतके उस्मानी साम्राज्याखाली काढल्याची ती खूण आहे, आणि त्याच वाटेने आलेले इतर शब्द ऐकले की मला घरी आल्यासारखे वाटते. आई, इथे बाजाराला "पझार" म्हणतात, साबणाला "सापून", आणि जुनी माणसे दुकानाला अजूनही "द्युक्यान" म्हणतात. पहिल्या वर्षी मी या तीन शब्दांवर घर चालवले आहे.

आणखी एक गोष्ट तुला दाखवायला हवी होती. १ मार्चपासून इथे लोक मनगटावर लाल-पांढऱ्या दोऱ्याची "मार्तेनित्सा" बांधतात आणि करकोचा किंवा मोहरलेले झाड दिसले की ती सोडून झाडाच्या फांदीला बांधतात. ही चाल रुमानियात आणि मॅसेडोनियातही आहे. तेव्हा जाळीच्या दोन्ही बाजूंना, रॅकेट धरलेल्या हातांवर, तोच लाल-पांढरा दोरा होता. एका मुलीचा दोरा सर्व्हिस करताना सुटून कोर्टावर पडला, तर समोरच्या संघातल्या मुलीने जाळीखालून येऊन तो उचलून दिला आणि पंचांनी खेळ थांबवून तिला तो पुन्हा बांधू दिला.

बाबा, तुम्ही मागे एकदा फोनवर विचारले होते की या भागात नाव घ्यावे असे कोणी आहे का. आहे. इथले सर्वांत मोठे नाव म्हणजे हास्कोवो गावच्या गाब्रिएला आणि स्टेफानी स्टोएव्हा या दोन सख्ख्या बहिणी. २०१८ साली स्पेनमधल्या उएल्वा इथे त्या महिला दुहेरीच्या युरोपियन विजेत्या झाल्या आणि पुढेही त्यांनी ते पद मिळवले. रिओ, टोकियो आणि पॅरिस अशी तीन ऑलिंपिक त्या खेळल्या. ज्या खंडात डेन्मार्कच्या खेळाडूंचे एवढे वर्चस्व आहे, तिथे बल्गेरियासारख्या देशातल्या दोन बहिणींनी हे करावे याचे इथल्या मुलींना किती अप्रूप आहे, ते सराव पाहताना कळते: प्रत्येक जोडीतली एक स्वतःला गाब्रिएला समजते आणि दुसरी स्टेफानी. मी त्यांना आपल्या देवधर भगिनींविषयी सांगितले. क्रिकेटवाल्या प्राध्यापक दि. ब. देवधरांच्या तिघी मुलींनी, तारा, सुंदर आणि सुमन यांनी, १९४०च्या दशकात राष्ट्रीय विजेतेपदे घरात आणली होती हे ऐकून एक मुलगी म्हणाली, "तिघी? मग दुहेरीच्या वेळी तिसरी रुसत नसे का?" या प्रश्नाचे उत्तर तुम्हीच कळवा.

तुर्कस्तानची नेस्लिहान यिगित २०१२ साली लंडनला गेली, तेव्हा ऑलिंपिकमध्ये बॅडमिंटन खेळणारी ती त्या देशाची पहिली खेळाडू होती. आज तुर्की संघाचा बाक सर्वांत लांब असतो आणि त्यांची शिस्तही सर्वांत कडक. ग्रीसची गोष्ट याच्या उलट आहे, आणि आई, ती तुला सांगण्यासारखी आहे. २००४ साली अथेन्सला ऑलिंपिक झाले, तेव्हा बॅडमिंटनसाठी गुदी भागात एक मोठे सभागृह बांधले. आपल्या पुण्याचा निखिल कानेटकर तिथेच खेळला होता. खेळ संपल्यावर त्या सभागृहाचे करायचे काय असा प्रश्न पडला आणि शेवटी त्याचे नाट्यगृह झाले. त्या नाट्यगृहाचे नावच "बॅडमिंटन" आहे. ग्रीक प्रशिक्षक कडवट हसून म्हणाले की आमच्या देशात "बॅडमिंटनला जाऊ या" म्हटले की लोक तिकीट काढून नाटक पाहायला जातात. तुला यात वाईट काय ते कळणार नाही हे मला ठाऊक आहे, पण बाबांना कळेल.

याच प्रशिक्षकांनी मी मूळची कुठली हे विचारले. पुणे म्हटल्यावर त्यांच्या डोळ्यांत काही उमटले नाही. "पूना" म्हटल्याबरोबर मात्र त्यांनी खुर्ची ओढून घेतली. १८७०च्या दशकात पुण्यातल्या ब्रिटिश अधिकाऱ्यांनी या खेळाचे नियम लिहून काढले आणि सुरुवातीला खेळालाच पूना म्हणत, हे त्यांना पंचांच्या अभ्यासक्रमात शिकवले होते. त्यानंतर दोन दिवस माझ्या निर्णयांवर ग्रीक संघाने एकदाही हरकत घेतली नाही. यात माझे कर्तृत्व काहीच नाही, पण मी ते नाकारलेही नाही.

या देशांत एकमेकांविषयी कटुता नाही असे मी म्हणणार नाही. १९१२-१३ साली ते आपसांत दोन युद्धे लढले, आणि १९२९ साली त्यांतल्याच काही देशांनी अथेन्सला मैदानी खेळांची पहिली बाल्कन स्पर्धा भरवली. अशा स्पर्धांची परंपरा तेव्हापासूनची आहे. नावाचाच प्रश्न घ्या. मॅसेडोनियाने आपले नाव बदलून २०१९ साली उत्तर मॅसेडोनिया केले, ते ग्रीसशी कित्येक वर्षे चाललेला वाद मिटवण्यासाठी. फलकावर ग्रीस विरुद्ध उत्तर मॅसेडोनिया असे लागले तेव्हा मोठ्या माणसांच्या बाकांवर एक बारीकशी शांतता पसरली. मुलांना तिचा पत्ता नव्हता. सामना संपल्यावर त्यांनी रॅकेटच्या मुठीवरच्या पट्ट्यांची देवाणघेवाण केली, कारण एकाची निळी पट्टी दुसऱ्याला आवडली होती.

सर्वांत जास्त लक्षात राहिले ते एक गृहस्थ. ते आपल्या मुलीला घेऊन रात्रभर गाडी चालवून आले होते, कारण संघटनेकडे सगळ्यांच्या प्रवासाचे पैसे नव्हते. मुलगी तिन्ही सामने हरली. ते प्रत्येक गेमनंतर उठून उभे राहत, थर्मासमधला चहा झाकणात ओतत आणि तो न पिता तसाच हातात धरून ठेवत. बाबा, आंतरजिल्हा स्पर्धेला तुम्ही मला स्कूटरवर साताऱ्याला नेले होते, आणि मी पहिल्याच फेरीत गारद झाले, तेव्हा तुमच्या हातात असाच पेला होता. परतीच्या वाटेवर तुम्ही हरण्याविषयी एक शब्द काढला नाहीत. खंबाटकीच्या घाटात थांबून फक्त बॅकहँडच्या वेळी माझा पाय कुठे पडतो ते रस्त्यावर खडूने काढून दाखवलेत. तुमच्या खिशात खडू का होता हे मला आजवर कळलेले नाही. त्या गृहस्थांना मी आमच्या डब्यातली दोन थालीपिठे दिली, आणि ती त्यांनी मुलीबरोबर गाडीच्या बॉनेटवर ठेवून खाल्ली.

आता ती विचारायची गोष्ट. फुले कोरडी पडतात म्हणून मी शनिवारी संयोजकांना तुमची युक्ती सांगितली: डब्याची दोन्ही झाकणे काढायची, किटलीच्या तोंडावर पिसांची बाजू धरायची, बुचाला वाफ लागू द्यायची नाही, आणि मग रात्रभर डबा बंद ठेवायचा. सगळ्यांनी माझ्याकडे मोठ्या आदराने पाहिले आणि एक अख्खा डबा माझ्या स्वाधीन केला. मी तो वाफेवर धरला, पण किती वेळ धरायचा हे काही केल्या आठवेना. सकाळी ती बारा फुले पावसात भिजलेल्या कोंबड्यांसारखी झाली होती. पुढच्या महिन्यात इथे क्लबची स्पर्धा आहे, तेव्हा नेमके किती सेकंद ते कळवा, आणि तुमच्या गुडघ्याचे व्यायाम चालू आहेत का तेही. व्यायामाचे आईने लिहावे, म्हणजे खरे कळेल.

तुमची,
धाकटी