तीस वर्षांची खोली

प्रिय सुहास,

सप्रेम नमस्कार.

सेट तर सुतार आणि रंगारी उभारतात, मग प्रॉडक्शन डिझायनर म्हणून तू नेमके काय करतोस, असे तू मागच्या पत्रात विचारले होतेस. उत्तराला उशीर झाला, कारण ज्या खोलीच्या आधारे ते द्यावेसे वाटत होते, ती कालच पुरी झाली.

खोली एका निवृत्त शिक्षिकेची आहे. संहितेत तिच्या घराविषयी एकच ओळ आहे: ती येथे तीस वर्षे राहते. ती तीस वर्षे मला भिंतींवर आणायची होती. प्लायवूडच्या कोऱ्या भिंतींना आधी एक रंग दिला, त्यावर दुसरा, आणि मग कडा घासून खालचा रंग जरासा उघडा पाडला. दिव्याच्या बटनाभोवती बोटांचा मळकट डाग आहे, खुर्चीची पाठ टेकते तेथे आडवा चरा आहे, आणि एका भिंतीवर आजूबाजूपेक्षा उजळ राहिलेला चौकोन आहे, जेथे कधीकाळी तसबीर होती. ती का काढली, हे संहितेत नाही. दिग्दर्शक, अभिनेत्री आणि मी मिळून ते ठरवले आहे.

रंगाने मात्र मला दोन दिवस रडवले. दिवसाउजेडी निवडलेला फिकट हिरवा छायालेखकाच्या पिवळसर दिव्यांखाली आजारी दिसू लागला आणि सगळी भिंत पुन्हा रंगवावी लागली. चूक माझीच, नमुना त्याच प्रकाशात, त्याच कॅमेऱ्यातून आधी पाहायला हवा होता. शिवाय एक भिंत सुटी होणारी ठेवावी लागते, नाहीतर कॅमेरा मागे घ्यायला जागाच उरत नाही.

या कामाला 'प्रॉडक्शन डिझाइन' हे नाव मिळाले ते १९३९ च्या 'गॉन विथ द विंड'पासून. विल्यम कॅमेरॉन मेंझीस यांनी त्या चित्रपटाची दृश्ये आधी चित्रांतून मांडली, म्हणून निर्माते डेव्हिड सेल्झनिक यांनी त्यांना हे पद दिले. ऑस्करने मात्र आपल्या पुरस्काराचे 'कलादिग्दर्शन' हे नाव बदलायला २०१२ साल उजाडू दिले. मला हा उशीर फार खुपतो.

काल संध्याकाळी अभिनेत्री प्रथमच सेटवर आली. तिने कोणाशी न बोलता दार लोटले आणि भिंतीकडे न पाहताच दिवा लावायला हात नेला. बोटे नेमकी त्या डागावर टेकली.

तुझा,
अनंत