बदलला की नाही?

संपादक महोदय,

परवा फोंड्यात आमच्याच भागातल्या पोरांनी केलेला एक मराठी लघुपट पाहिला. वीसेक मिनिटांचा. पंचायतीतला कारकून, संसार, कर्ज, सगळं नेहमीचं. त्याला दुसरंच कोणीतरी व्हायचंय. कोण, ते त्यालाही धड सांगता येत नाही. कचेरी रिकामी झाली की रद्दी कागदांच्या पाठीवर तो नवी सही गिरवत बसतो. जुनी बारीक, दबलेली. नवीतलं पहिलं अक्षर हे एवढं, खाली लांब फर्राटा. सकाळी हजेरीपटावर पेन टेकतं आणि थांबतं. संपला.

दिवे लागताच कुरकुर सुरू. मागून कोणी कोकणीत ओरडलंच, "मागीर? बदल्लो काय ना?" म्हणजे, मग? बदलला की नाही?

मी रंगभूषा करणारा माणूस. अंत्रुज महालात, म्हणजे गोव्यातल्या आमच्या फोंडा भागात, जत्रेच्या नाटकांचे रंगपट सांभाळत केस पिकले. आमच्याकडे बागायतदार संभाजी होतो, बसचा ड्रायव्हर औरंगजेब. पॅनकेकचा रंग चढवला, दाढी चिकटवली की माणूस बदलला. त्यात मोठंसं काही नाही, ते माझं कामच. खरी गंमत पहाटे, पडदा पडल्यावर. खोबरेल तेलाची बाटली पुढे केली तरी एखादा चहा मागतो, विडी पेटवतो, उगाच रेंगाळतो. जिरेटोप देतो काढून, पण मिशीला हात लावू देत नाही. "रावं दी मरे इल्ली." राहू दे रे जराशी. उजाडल्यावर त्याला कुळागरात, सुपारीच्या बागेत, पाणी सोडायचं असतं, हे त्यालाही ठाऊक असतं. ती ओढ या पोरांनी हजेरीपटावर नेमकी पकडली. सही करून दाखवली असती तर टाळ्या पडल्या असत्या आणि चित्रपट गेला असता.

आरशासमोरचा प्रसंग मात्र कापावा. सहीनं सांगून झालेलं आरसा पुन्हा सांगतो, वर व्हायोलिन. आणि नटाच्या कपाळावर केवढी ती पावडर! कॅमेरा नाकाशी असताना रंगमंचाचा हात चालत नाही.

2004 पासून इफ्फी, म्हणजे भारताचा आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव, गोव्यात आहे, नोव्हेंबरात पणजी गजबजते. गावच्या पोरांचे लघुपट मात्र मोबाईलवरच राहतात. फोंड्याच्या राजीव गांधी कला मंदिरानं आणि रवींद्र भवनांनी महिन्याची एक संध्याकाळ त्यांना द्यावी. ऑस्करवाले 40 मिनिटांपर्यंतच्या चित्रपटाला लघुपट म्हणतात. तेवढे लांब असले तरी तीन आरामात बसतील. तिकीट ठेवा, फुकट नको. फुकट आलेला मध्येच उठतो. आणि सुरुवातीला पाहुण्यांची भाषणं ठेवू नका.

— एक रंगभूषाकार, फोंडा