मिकी रूर्कचा मोडलेला चेहरा

महोदय,

नटांच्या पुनरागमनाचा विषय निघाला की मला मिकी रूर्क आठवतो. ऐंशीच्या दशकात हॉलिवूडने डोक्यावर घेतलेला हा नट १९९१ मध्ये, चाळिशीच्या उंबरठ्यावर, व्यावसायिक बॉक्सिंगमध्ये उतरला. तरुणपणी मायामीत तो हौशी बॉक्सर होताच. १९९४ पर्यंत तो ८ लढती खेळला. ६ जिंकल्या, २ बरोबरीत सुटल्या. हरला एकही नाही, पण नाक मोडले, गालाचे हाड मोडले आणि शस्त्रक्रियांनी चेहरा पार बदलला. नटाचे भांडवलच ते! पुढची कितीतरी वर्षे दुय्यम भूमिकांवर गेली.

मग २००८ मध्ये डॅरेन अ‍ॅरोनॉफ्स्कीचा ‘द रेसलर’ आला. कानात श्रवणयंत्र, थकलेले हृदय आणि सुपरमार्केटच्या काउंटरवर गिऱ्हाइकांना सॅलड तोलून देणारा तो उतारवयातला कुस्तीगीर पाहताना माझे डोळे भरून आले. तो मोडलेला चेहराच तिथे बोलत होता. मेकअपने असे काही साधत नाही. गोल्डन ग्लोब आणि बाफ्टा त्याला मिळाले. ऑस्कर मात्र शॉन पेनकडे गेले. पेन थोर नट आहेच, पण त्या वर्षीचा मान रूर्कचा होता, असे मला आजही मनापासून वाटते.

– एक चित्रपटप्रेमी वाचक