ती माणसं तुरुतुरु चालत नव्हती

संपादक महोदय,

जुन्या बाजारांच्या, घाटांच्या चित्रफिती हल्ली मोबाइलवर रोज येतात. त्यातली माणसं तुरुतुरु चालतात आणि पाहणारे हसतात. मूकपटाच्या काळात कॅमेऱ्याचा दांडा हाताने फिरवत. एका फेऱ्याला ८ चौकटी (म्हणजे फितीवरची एकेक स्थिर चित्रं), सेकंदाला साधारण दोन फेरे, म्हणजे १६ चौकटी. बोलपटाने सेकंदाला २४ चौकटी पक्क्या केल्या. १६ची फीत २४ने सोडली की चाल दीडपट होते. दर दोन चौकटींतली एक पुन्हा दाखवली की दोनाच्या तीन होतात आणि चाल जागेवर येते. हाताचा वेग मात्र कमीजास्त होई, म्हणून १८ आणि २०ही लावून पाहावे. कोणता बरोबर, ते घागरीतून पडणाऱ्या पाण्यावरून ठरवावं. माणूस घाई करतो, पाणी करत नाही.

चित्र 'गुळगुळीत' करणारी सॉफ्टवेअरं मधल्या चौकटी स्वतःच रचतात. ज्या हमालाचं नाव कुठेच नोंदलेलं नाही, त्याचा चेहरा एवढाच त्याचा पुरावा. तोही संगणकाने काढायचा? रंग भरण्यात तर आणखी फसगत. पॅनक्रोमॅटिक (सगळे रंग टिपणारी) फिल्म रुळण्याआधीच्या फिल्मला लाल रंग दिसत नसे. त्यामुळे कुंकू काळं उमटतं, लाल पागोटं काळं उमटतं आणि लाल लुगड्यातली बाई चंद्रकळा नेसल्यासारखी दिसते. रंगवणारे मग काळंच रंगवतात.

४:३ (रुंदी ४, उंची ३) चित्र आजच्या १६:९ रुंद पडद्यात बसवताना उंचीचा चौथा हिस्सा जातो: वरच्या दुकानांच्या पाट्या, खालचे अनवाणी पाय. पाट्या कापणं पुणेकरांनी तरी खपवून घेऊ नये!

पेठांतले वाडे पाडताना ट्रंकांत ८ मिमी रुंद फितीची घरगुती रिळं निघतात. पन्नास फुटी रीळ जेमतेम चार मिनिटांचं असतं. १९६४पासून राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय असलेल्या शहरात ती भंगारात जाऊ नयेत. डबा उघडताच व्हिनेगरसारखा वास आला, तर ॲसिटेटची (एका प्रकारच्या प्लास्टिकची) फीत सडू लागली आहे. तो डबा लगेच वेगळा ठेवावा, त्याच्या वाफेने शेजारची रिळंही बिघडतात. आकसलेल्या फितीची छिद्रं प्रोजेक्टरच्या दातांवर बसत नाहीत, म्हणून 'एकदा लावून पाहू' हा मोह टाळावा. तिथेच ती फाटते. पावसाळ्यात बुरशी चढली तर ओलं फडकं लावू नये. चित्र जिलेटिनच्या थरात असतं, ते फडक्याबरोबर निघून येतं.

स्कॅन करताना कडेच्या छिद्रांसकट पूर्ण रुंदी घ्यावी. कोडॅकच्या फितीवर कडेला छोट्या खुणा असतात, त्यांवरून फीत बनल्याचं वर्ष काढता येतं. खुणा वीस वर्षांनी पुन्हा येतात, तेव्हा कपडे आणि गाड्या पाहून ताळा करावा. मग घरातल्या वडीलधाऱ्यांना बसवून मुंजीतल्या बटूच्या मागे पाणी घेऊन चालणारी बाई कोण, वाजंत्री कुठले, हेही विचारावं. ही नावं पेन्सिलीने कागदावर लिहून कागद डब्याबाहेर ठेवावा. आत ठेवलेला कागद ओल धरतो.

– दोन फिल्म तंत्रज्ञ, एरंडवणे, पुणे