गाढवं जप्त केलीत, आता सांभाळायची कुणी? पशुसंवर्धन मंत्र्यांना खुले पत्र

मा. पशुसंवर्धन मंत्री,
महाराष्ट्र राज्य

सप्रेम नमस्कार.

भीमेच्या पात्रातून चोरटी वाळू वाहणारी गाढवं धाडीत पकडली जातात, हे आपण पेपरात वाचत असालच. त्यातली पाच आमच्या गोठ्यात होती. गेल्या आठवड्यात त्यातली गाभण गाढवीण मेली. पाठीवर गोणी घासून झालेली जुनी जखम, तिच्यातून धनुर्वात झाला. दातखीळ बसली, चारी पाय लाकडासारखे ताठ झाले, पुढ्यात पाण्याची बादली असून घोटभर पिता येईना. दवाखान्यात धनुर्वाताचं इंजेक्शन नव्हतं. "गाढवासाठी कोण ठेवतंय?" एवढं उत्तर घेऊन मी परत आलो.

जनावरं ताब्यात देताना सुपुर्दनाम्यावर माझी सही घेतली. चाऱ्याचा खर्च मिळेल, डॉक्टर येऊन बघून जातील, असं सांगितलं. रुपया आला नाही, डॉक्टरही आले नाहीत. म्हशींचा कडबा गाढवांना घातला, दूध कमी झालं, डेअरीचा पगार घटला. घरात रोज यावरून वाद होतात आणि बायकोचं काही चुकत नाही. शेजारी हसतात, त्याचं मला काही नाही. पण त्या मुक्या जिवाची तडफड मी रात्रभर बघितली आहे. ती कुठल्या सरकारी कागदावर लिहायची?

केंद्र सरकारने 2017 मध्ये जप्त जनावरांच्या सांभाळाचे नियम केले. खटला चालेपर्यंतचा खर्च आरोपीकडून बंधपत्र घेऊन वसूल करायचा, असं त्यात आहे. आमच्याकडे ते नियम कुणी उघडून पाहिलेले दिसत नाहीत. गाढवावर 50 किलोपेक्षा जास्त ओझं लादू नये, हा नियम तर 1965 चा आहे. ओल्या वाळूच्या गोणी उचलून बघा एकदा. आणि छळ केला म्हणून पहिल्या गुन्ह्याला 1960 च्या कायद्यात दंड किती? 10 ते 50 रुपये!

सप्टेंबर 2024 मध्ये सरकारने गोशाळेतल्या देशी गाईला दिवसाला 50 रुपये जाहीर केले. चांगलं केलं, गाईला मिळालंच पाहिजे. मग गाढवाने तुमचं काय घोडं मारलंय?

अमेरिकेत मोकाट रानघोडे आणि गाढवं यांच्यासाठी 1971 पासून कायदा आहे. तिथलं सरकार ती लोकांना दत्तक देतं, पण मालकी लगेच देत नाही. वर्षभर नीट सांभाळल्याची खात्री पटली तरच कागद मिळतो. 2019 पासून त्यांनी दत्तक घेणाऱ्याला 1000 डॉलर द्यायला सुरुवात केली, तर काहींनी पैसे खिशात घातले आणि जनावरं कत्तलीच्या बाजारात काढली. 2025 मध्ये न्यायालयाने ती योजना रद्द केली. नुसता पैसा देऊन भागत नाही, मागे तपासणी लागते. आपल्याकडे पैसाही नाही, तपासणीही नाही. आपल्याकडे लिलाव आहे. त्यात बोली कोण लावतं, ते गावातल्या पोराठोरांना ठाऊक आहे. वाळूवाल्याचाच माणूस. गाढवं पुन्हा नदीत. उरलेली कुठे जातात, कुणी विचारत नाही. आंध्रात गाढवाचं मांस बेकायदा असूनही विकलं जातं, हे तुम्हाला माहीत नसेल असं मी मानत नाही.

2012 च्या पशुगणनेत देशात 3.2 लाख गाढवं होती, 2019 मध्ये 1.2 लाख उरली. 2024 मध्ये केंद्राने गाढवपालनाच्या उद्योगाला 50 टक्के, 50 लाखांपर्यंत अनुदान जाहीर केलं. पन्नास लाखांचं अनुदान घेणारा माणूस माझ्यासारखा नसतो, साहेब.

धाडीत गाढव सापडतं, गाढवामागचा मजूर सापडतो. ती वाळू ज्याच्या बांधकामावर पडते, तो ठेकेदार कधीच कसा सापडत नाही? 2023 मध्ये 600 रुपये ब्रासने वाळू देणार होतात. ती दिली असती तर रात्रीच्या अंधारात गाढवं नदीत उतरली असती का? गरिबाचं जनावर उचलायचं, फोटो काढायचा, बातमी छापून आणायची आणि दुसऱ्या दिवशी विसरायचं, ही कारवाई नव्हे.

जप्त गाढवांचा लिलाव बंद करा. सांभाळायची तयारी असलेल्या माणसाला ती द्या, त्याला चाऱ्याचे पैसे द्या आणि वर्षभर तपासा. ते होईल तेव्हा होईल. माझ्याकडे चार उरली आहेत, त्यातल्या दोघांच्या पाठीला जखमा आहेत. धनुर्वाताचं इंजेक्शन तालुक्याच्या दवाखान्यात या आठवड्यात पोचवा.

आपला,
भीमाकाठचा एक पशुपालक