वोल्थाट पर्वत: नावं कुणाची, पाहिले कुणी?

प्रिय सुहास,

सप्रेम नमस्कार.

अंटार्क्टिकावरच्या आपल्या ‘मैत्री’ तळाच्या दक्षिणेकडच्या डोंगरांना जर्मन नावं कशी, असं तू विचारलंस. विषय माझ्या जिव्हाळ्याचा, म्हणून सविस्तर लिहितो.

‘मैत्री’ १९८९ पासून शिर्माखर ओअॅसिसवर आहे. उघड्या खडकाची ही चिंचोळी पट्टी जेमतेम ३५ चौरस किलोमीटरची, पण तिच्यात गोड्या पाण्याची शंभराहून अधिक तळी आहेत. तिथून दक्षिणेला बर्फ चढत जातो आणि त्यातून वोल्थाट पर्वताची शिखरं वर येतात. डोंगरांचा पायथा बर्फाखाली गाडलेला, आपल्याला दिसतो तो फक्त माथा. त्यातल्या ग्रुबर डोंगरात अॅनॉर्थोसाइट हा खडक आहे. चंद्राचा उजळ भागही मुख्यतः याच खडकाचा! तिथेच उंटरझे नावाचं सरोवर आहे, बारमाही बर्फाच्या झाकणाखाली.

आता नावांकडे येतो. १९३८-३९ मध्ये जर्मनीने आल्फ्रेड रिट्शर यांच्या नेतृत्वाखाली ‘श्वाबेनलांट’ जहाज पाठवलं. देशाला देवमाशाचं तेल हवं होतं, त्या शिकारीसाठी दक्षिणेत हक्क सांगायचा होता. पण जहाज पोचण्याच्या काही दिवस आधी, १४ जानेवारी १९३९ रोजी, नॉर्वेने त्या भूमीवर आपला दावा जाहीर केला होता. तरी ‘बोरेआस’ आणि ‘पासाट’ या दोन विमानांनी हजारो फोटो काढले. शिर्माखर हा त्यातला एक वैमानिक. त्याने ती पट्टी स्वतः पाहिली, तेव्हा ते नाव मला पटतं. वोल्थाट मात्र मोहिमेच्या पैशांचा व्यवहार पाहणारे अधिकारी, आणि पश्चिमेकडच्या म्यूलिग-होफमान पर्वताला विमान मंत्रालयातल्या अधिकाऱ्याचं नाव! खुर्चीतल्या माणसांची नावं अशा डोंगरांना द्यावीत, याचं मला खरंच वाईट वाटतं.

ऑटो फॉन ग्रुबर यांचं तसं नाही. त्या फोटोंवरून नकाशे त्यांनीच तयार केले. जमिनीवर मोजणीच झालेली नव्हती, त्यामुळे जागा चुकल्या, आणि पुढे १९५६-६० च्या नॉर्वेजियन मोहिमेने नव्याने मोजणी केली. तरीही फोटोतल्या सावल्यांमधून डोंगर उभे करणाऱ्या माणसाचं नाव एका डोंगराला मिळालं, हे मला न्याय्य वाटतं.

आपले भूवैज्ञानिक १९८० च्या दशकापासून या भागात प्रत्यक्ष पायी फिरून खडक तपासत आले आहेत. नावं देताना अशा चालणाऱ्यांचा मान पहिला, असं मी म्हणतो. तुझं मत सविस्तर कळव.

काकूंना नमस्कार, छोटीला आशीर्वाद.

तुझा,
अविनाश